राणीसाहेबांचा सकाळचा चहा

१४ सप्टेंबर १९१६, बुधवार. पवित्र क्रूसाचा सण. उपास.

खर्चाच्या वहीची मागची पानं दरवर्षी कोरी राहतात. कागद मिळेनासा झालाय, म्हणून वही उलटी करून आजपासून हे लिहायला घेतलं. देवा, खोटं लिहू देऊ नकोस.

सकाळी चर्चमध्ये नावांच्या चिठ्ठ्या दिल्या. जिवंतांच्या आरोग्यासाठी एक, मेलेल्यांच्या शांतीसाठी एक. जिवंतांच्या चिठ्ठीत पहिलं नाव ‘योद्धा इग्नाती’. चिठ्ठ्या गोळा करणारी म्हातारी चष्म्यावरून बघत म्हणाली, “अजून जिवंतांतच का, येमेल्यानोव्ना?”

“मग? मेलेला कुणी पाहिलाय?”

जुलैत रेजिमेंटचं पत्र आलं. तुमचा मुलगा डाव्या पायाला गोळी लागून जखमी झाला, त्याला इस्पितळाच्या गाडीत चढवलं, गाडी मुक्कामाला पोचली तेव्हा तो तीत नव्हता. बस, एवढंच. बावीस वर्षांचा, एकुलता एक. जिवंत माणसाचं नाव मेलेल्यांच्या चिठ्ठीत गेलं, तर तो असेल तिथे झुरत जातो, सुकत जातो. आमच्याकडे शेंबडं पोरही हे जाणतं. फादर आवेर्की त्याला अडाणीपणा म्हणतात. मी शाळेची शेवटची परीक्षा पास आहे, अडाणी नाही. तरी लिहिणार नाही.

राणीसाहेबांच्या ताटातले दोन पाव आले, बिनलोण्याचे. बुधवारी-शुक्रवारी त्यांच्या चहात साय नसते. वारून एकोणीस वर्षं झाली, पण एक उपास चुकलेला नाही.

आमच्या भाकरीचं मूळ इथे एकदा लिहून ठेवते. राणीसाहेब येव्दोकिया पाव्लोव्ना याच राजवाड्यात वारल्या. त्यांच्या यजमानांनी, महाराजांनी, हुकूम काढला की त्यांच्या दालनात काही बदलायचं नाही. महाराज आता परदेशात आजारी असतात, पण हुकूम तो हुकूम. माझे यजमान निकानोर सावविच रोज सकाळी आठला चहा आणि दोन पाव घेऊन वर जातात, दार वाजवतात, दहा आकडे मोजतात, आत जातात. शेगडी पेटवतात, हात धुवायचं पाणी ओततात. संध्याकाळी तासभर दोन मेणबत्त्या लावतात. नऊला ताट उतरतं आणि रिवाजाप्रमाणे पाव आमचे, मेणबत्त्यांची थोटकं आमची. त्या दालनात त्यांच्याखेरीज कुणी जायचं नाही. मीही कधी गेलेली नाही. आमच्या दोन खोल्या बरोबर त्याखाली आहेत.

२३ सप्टेंबर, शुक्रवार.

मंगळवारपासून एकच पाव येतोय. आज एकही नाही. विचारलं तर म्हणाले, “उंदीर.”

“ताटावर झाकण असतं ना?”

“मग झाकण उघडणारे उंदीर.” आणि डोळे वर न करता बूट पुसत बसले.

थोटकंही आखूड झाली आहेत. बोटभर उरायची, आता नखाएवढी. हे पीत नाहीत, पत्ते खेळत नाहीत. तासभरच्या मेणबत्त्या कोण जाळतंय? शिवाय आमच्या घरातल्या काळ्या पावाची कडा रोज कापलेली असते. वडिलांची काठी दारामागून गेली. “सरपणवाल्याला दिली, त्याचा गुडघा सुजलाय,” म्हणाले. सरपणवाला कालच माझ्यासमोर टणाटण जिना चढून गेला. लग्नाला चोवीस वर्षं झाली, बायकोनं गप्प कधी बसावं एवढं कळतं.

१ ऑक्टोबर, शनिवार. देवमातेच्या पदराचा सण.

जेवताना हे एकदम म्हणाले, “पुढल्या रविवारी इग्नातीचं नाव दुसऱ्या चिठ्ठीत घाल.”

माझा चमचा हातातच राहिला. “काही कळलंय का तुम्हाला?”

“काही नाही कळलं. तीन महिने झाले. लोक विचारतात. मेला म्हटलं की विचारायचं बंद करतील.”

“लोकांचं तोंड बंद करायला मी पोराला मारू?”

“चिठ्ठीनं कुणी मरत नाही, ग्लाफिरा.”

“मग तुमचं स्वतःचं घाला.”

ते उठून गेले. वाढलेलं ताट टाकून उठायची त्यांची रीत नाही. माझी तर नाहीच नाही. त्यांचंही मीच संपवलं.

६ ऑक्टोबर, गुरुवार.

पोलिसांचा हवालदार आला. इग्नाती घरी आला का, पत्र आलं का, कुणाकडे लपलाय का. गाडीतून जो नाहीसा होतो तो त्यांच्या लेखी पळपुटा, आणि पळपुट्याला गोळी. लपवणाऱ्याला सैबेरिया. मी देवाच्या तसबिरीसमोर उभी राहिले, हात छातीशी नेला आणि शपथेवर सांगितलं: गेल्या वर्षीच्या ईस्टरपासून माझ्या मुलाचं तोंड मी पाहिलेलं नाही.

हवालदार म्हणाला, “तुम्ही म्हणता म्हणजे खरं, बाई. या वाड्यात खोटं न बोलणारं एक माणूस कोण, तर सगळे तुमचंच नाव सांगतात.” चहा पिऊन गेला.

निकानोर सावविच दारात उभे होते. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की मला वाटलं, आता रडतात. बऱ्याच वर्षांनी माझ्या डोक्यावरून हात फिरवला.

११ ऑक्टोबर, मंगळवार.

धुलाईघरात फ्योक्लानं मला कोपऱ्यात ओढलं. ती वाड्यातल्या सगळ्या चादरी आणि पडदे धुते आणि तिची जीभ साबणापेक्षा जास्त झोंबते.

“येमेल्यानोव्ना, तुमच्या राणीसाहेब लोळायला लागल्या की काय हल्ली?”

“जीभ आवर. मेलेल्या माणसाबद्दल बोलतेस.”

“मी चादरीबद्दल बोलतेय. एकोणीस वर्षं दर शनिवारी मी ही चादर धुते. घडीसुद्धा मोडलेली नसते, धुतलेलीच धुवायची, सुखाचं काम. आता ही बघा.”

तिनं चादर पसरली. मधोमध माणूस निजल्याच्या सुरकुत्या होत्या, एका कुशीवर निजणाऱ्याच्या. उशीच्या खोळीवर एक केस होता, लांब आणि पांढरा.

“हा काही निकानोर सावविचांचा नाही,” फ्योक्ला म्हणाली. “त्यांच्या डोक्यावर माशी घसरते. आणि बाई ठेवायचीच असती तर इतकी म्हातारी कशाला ठेवतील?”

मी केस बोटाला गुंडाळून घरी आणला आणि स्टोव्हमध्ये टाकला. जळला नाही लवकर. वास मात्र आला.

१७ ऑक्टोबर, सोमवार.

आता लिहायलाच हवं. वर कुणीतरी चालतं.

सकाळी दहाच्या सुमाराला, उजेडात, मी कोबी चिरत असताना. हे तेव्हा कोठारात होते, मी खिडकीतून त्यांना बघत होते. डोक्यावर एक पाऊल वाजलं, मग एक पाऊल घसरत आलं. पुन्हा एक वाजलं, एक घसरलं. बिछान्याच्या बाजूनं खिडकीकडे. तिथे थांबलं. मी सुरी ठेवून अंगणात गेले आणि वर बघितलं. सगळ्या काचांवर दव होतं. एका काचेवर तळहाताएवढी जागा कुणीतरी पुसली होती.

राणीसाहेबांचं कंबरेचं हाड शेवटची दोन वर्षं दुखत होतं. त्या अशाच चालायच्या. इग्नाती कडेवर असताना मी बागेत पाहिलंय.

मला भीती वाटली नाही असं लिहिणार होते, पण ते खोटं होईल. भीतीपेक्षा लाज जास्त वाटली. एकोणीस वर्षं त्यांचे पाव खाल्ले आणि त्यांच्या आत्म्यासाठी वेगळी मेणबत्ती एकदाही लावली नाही. त्यांना शांती नसेल तर त्यात आमचाही दोष आहे.

२४ ऑक्टोबर, सोमवार.

काल पापनिवेदनाच्या वेळी फादर आवेर्कींना सगळं सांगितलं. पाव, मेणबत्त्या, चादर, पावलं. फादर दाढीत बोटं घालून ऐकत होते.

“ग्लाफिरा, मेलेले चालत नाहीत.”

“मग कोण चालतं, फादर?”

फादर शेवटी म्हणाले, “प्रार्थनेनं नुकसान तर होत नाही. दहा नोव्हेंबरला त्यांची पुण्यतिथी आहे. त्याच दालनात शांतीची प्रार्थना म्हणू, सगळ्या खोल्यांत धूप फिरवू, पवित्र पाणी शिंपडू. वाड्याचा कारभार बघणाऱ्या कर्नलसाहेबांशी मी बोलतो.”

मला मोठं समाधान वाटलं. घरी येऊन यांना सांगितलं. त्यांनी कपबशी खाली ठेवली.

“सगळ्या खोल्यांत?”

“सगळ्या. कपड्यांच्या खोलीतसुद्धा.”

“काय केलंस, ग्लाफिरा,” ते म्हणाले. ओरडले नाहीत. आवाज इतका लहान होता की मला वाटलं दुसरंच कुणी बोललं. मग खिडकीशी जाऊन उभे राहिले. मला वाटलं, नोकरीची काळजी. त्यांच्या दालनात एवढी माणसं जाणार म्हणून.

३० ऑक्टोबर, रविवार.

कर्नलसाहेबांनी हो म्हटलं, उलट त्यांना कल्पना फार आवडली, महाराजांना पत्रानं कळवणार आहेत. यांनी एवढंच मागून घेतलं की कपड्यांच्या खोलीत राणीसाहेबांचे रेशमी पोशाख आहेत, धुपानं पिवळे पडतील, ते दार बंद ठेवावं. कर्नलसाहेब काटकसरीचे आहेत, त्यांना पटलं.

१० नोव्हेंबर, गुरुवार.

एकोणीस वर्षांत पहिल्यांदा वर गेले. दालन गरम होतं, आमच्या खोल्यांपेक्षा गरम. मेजावर राणीसाहेबांचा चष्मा, उघडं पुस्तक. बिछान्याची चादर एका कोपऱ्यात दुमडलेली, आत्ताच कुणी उठल्यासारखी. आयोडीनचा वास येत होता. शेवटच्या आजारातला राहिला असेल, मी मनाशी म्हटलं.

कर्नलसाहेब पुढे, फ्योक्ला आणि स्वयंपाकी मागे. निकानोर सावविच कपड्यांच्या खोलीच्या दाराला पाठ लावून उभे होते, मी त्यांच्या शेजारी. सगळ्यांच्या हातात मेणबत्त्या. मदतनीस धर्मगुरू घोगऱ्या आवाजात नावं वाचू लागले. “राणी येव्दोकिया.” आणि लगेच, न थांबता, “रणात पडलेला योद्धा इग्नाती.”

मी यांच्याकडे वळले. ते समोर बघत होते. चिठ्ठी त्यांनीच दिली होती.

माझी मेणबत्ती कलंडून मेण हातावर सांडलं. तोवर सगळे मेलेल्यांसाठीचं ‘चिरस्मृती’ गाऊ लागले होते, हळू, तीनदा म्हणतात तसं, माझ्या पोराचं नाव घालून. आणि तिसऱ्या वेळी माझ्या मागच्या दाराआडून हुंदका आला. दोनदा श्वास अडकला, मग एक उचकी. लहानपणी रडू दाबलं की इग्नातीला अशीच उचकी लागायची.

गाणं थांबलं. कर्नलसाहेब म्हणाले, “आत कोण आहे?”

यांचा चेहरा राखेसारखा झाला होता. मी एक पाऊल पुढे आले.

“मी होते, हुजूर. मुलाचं नाव ऐकलं आणि आवरलं नाही.”

“आवाज तिकडून आला.”

“मोठ्या दालनात आवाज फिरतो, हुजूर.”

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग माझ्या हातावरच्या मेणाकडे. मग छातीवर क्रूसाची खूण केली आणि म्हणाले, “फादर, पुढे चला.”

मी खोटं बोलले. धुपासमोर, मेलेल्या माणसाच्या दालनात. आज याहून जास्त लिहिता येत नाही.

११ नोव्हेंबर, शुक्रवार.

यांचं-माझं बोलणं जसं झालं तसं लिहिते.

“कधीपासून?”

“वीस सप्टेंबरपासून. सरपणाच्या गाडीत आणला.”

“आणि मला सांगितलं नाहीत.”

“सांगितलं असतं तर हवालदारासमोर काय शपथ घेतली असतीस? आणि फादरांपाशी जाऊन काय बोलली असतीस? तुझ्या पोटात काही राहत नाही, ग्लाफिरा. मी तुला दोष देत नाही. देवानंच तशी घडवली.”

खरंच होतं. मी म्हटलं, “पाव तरी मला सांगून न्यायचे. मी त्याला लोणी लावून दिलं असतं.”

“पाव तो खात नाही.”

“म्हणजे?”

“राणीसाहेबांच्या ताटाला तो हात लावत नाही. मी त्याला आपला काळा पाव नेतो. मेणबत्ती त्याला चालत नाही, डोळे दुखतात.”

“मग पाव जातात कुठे?”

“पहिल्या दिवशी मलाही वाटलं, तोच खातो. विचारू नकोस. एकोणीस वर्षं रोज सकाळी दार वाजवून आपण बोलावत होतो. इतक्या मनापासून बोलावलं की कुणी तरी येतंच.”

१२ नोव्हेंबर, शनिवार.

आठच्या चहाबरोबर मला वर नेलं. इग्नाशा कपड्यांच्या खोलीत फरच्या कोटांवर पडलाय, पाय टोप्यांच्या पेट्यांवर उंच ठेवलेला. दाढी वाढलीय. नुसती हाडं. मी त्याला कुशीत घेतलं तेव्हा तो ताठ राहिला, पाहुण्यानं राहावं तसा.

“हळू, आई. सकाळी तिचं डोकं दुखतं.”

“कुणाचं?”

त्यानं बिछान्याच्या खोलीकडे मान केली.

“अरे, तिथे गादीवर तरी निजायचंस. इथे जमिनीवर गारठा.”

“गादी रिकामी असते का?”

पाय बघितला. जखम भरतेय, पण पाऊल टेकवत नाही तो, आल्यापासून टेकवलेलं नाही. काठी जशी दिली तशी कोपऱ्यात आहे. मी विचारलं, मग वर चालतं कोण. तो हसला, लहान पोराला समजावतात तसा. “तुला ऐकू येतं ना? बाबा म्हणतात, त्यांना येत नाही.”

ताप असेल. कपाळ गार होतं, तरी आतला ताप असतो.

“इग्नाशा,” मी म्हटलं, “तू परत आलास, मला बाकी काही नको.”

“इग्नातीसाठी तर तुम्ही परवा गायलात,” तो म्हणाला. “बरं गायलात. आता त्याला कुणी शोधणार नाही.”

त्यानंतर कितीदा हाक मारली, ओ दिली नाही. ‘अरे’ म्हटलं तर बघतो, ‘बाळा’ म्हटलं तर बघतो. नाव घेतलं की नजर भिंतीवर.

२५ डिसेंबर. नाताळ.

आयुष्यात पहिल्यांदा नाताळात प्रभुभोजन घेतलं नाही. त्यासाठी आधी पापनिवेदन करावं लागतं, आणि फादरांपाशी गेले तर तोंड उघडेल. रांग सोडून खांबाआड उभी राहिले. फादर नंतर म्हणाले, “ग्लाफिरा, काय झालंय?”

“यंदा उपास नीट झाला नाही, फादर.”

“तुझा?” ते म्हणाले आणि वाट बघत राहिले. मी त्यांच्या हाताचं चुंबन घेऊन निघाले. बर्फात घरापर्यंत येताना वाटत होतं की देव मागून येतोय आणि मी वळून बघत नाहीये.

वर शिंगाड्याएवढे मांसाचे कानवले नेले, त्याच्या आवडीचे. त्यानं दोन खाल्ले. दाराकडे बघून तिसरा बाजूला ठेवला.

१९ जानेवारी १९१७, गुरुवार.

हवालदार पुन्हा आला. मी शपथेची वाट न बघता म्हटलं, “दहा नोव्हेंबरला त्याच्यासाठी शांतीची प्रार्थना झाली. कर्नलसाहेबांना विचारा, ते तिथे होते.” त्यातला शब्दन् शब्द खरा आहे. हवालदारानं टोपी काढली. “देव त्याच्या आत्म्याला शांती देवो,” म्हणाला. मला ‘आमेन’ म्हणावं लागलं.

इग्नाशा दिवसेंदिवस उतरत चाललाय. पाय बरा झाला, उभा राहतो, तरी माणूस उतरतोय. पूर्वी जेवण मागायचा, आता मी भरवते. मेलेल्यांच्या चिठ्ठीत नाव गेलं की माणूस सुकतो, असं माझी आजी म्हणायची, ते खोटं नव्हतं. आणि त्या चिठ्ठीला वाट मीच करून दिली. ती प्रार्थना माझ्याच बोलण्यामुळे झाली.

४ मार्च, शनिवार.

सम्राटांनी राज्य सोडलं. दोन दिवस अफवा होती, आज सगळ्यांनी मोठ्यानं म्हटलं. कर्नलसाहेब पहाटे घोडागाडीतून निघून गेले. अंगणात लाल फिती लावलेले शिपाई बसलेत, बागेतले बाक मोडून शेकोटी केलीय. स्वयंपाकी म्हणाला, आजपासून ताटं बंद, मेलेल्यांनी आपापलं बघावं. एकोणीस वर्षांत आज पहिल्यांदा वर चहा गेला नाही.

शिपायांचा पुढारी देवीच्या वणांचा एक बडबड्या आहे, झाखार नावाचा. मी घाबरत विचारलं, पळून आलेल्यांचं आता काय होणार.

“काकू, इथे जे शेकत बसलेत ना, त्यांतले निम्मे पळूनच आलेत. उरलेले पळायला निघालेत.”

मी जिना कशी चढले आठवत नाही. म्हटलं, “चल, बाळा, खाली चल. कुणी काही करत नाही आता.”

तो कपड्यांच्या खोलीच्या उंबऱ्यावर उभा होता, धुतलेला सदरा, हात दोन्ही बाजूंना, त्याचे वडील राहतात तसा. “तिनं जा म्हटल्याशिवाय कसा जाऊ?”

यात त्याचं काय चुकलं? तो या वाड्यात वाढला. इथे मालकानं जा म्हटल्याशिवाय खोलीतून कुणी हलत नाही, हे तो चालायच्या आधी शिकला. राणीसाहेबांच्या बिछान्याशी एक दोरी आहे, तिची तार आमच्या स्टोव्हवरच्या घंटेला. एकदा वाजली की चहा. दोनदा वाजली की तुम्ही मोकळे. त्या वारल्यापासून घंटा वाजलेली नाही, मी तिच्यावर मोजे वाळत घालते.

“दोनदा वाजली की येतो,” तो म्हणाला. “मला जायचं नाही असं नाही, आई.”

९ मार्च, गुरुवार. मोठा उपास.

झाखारनं सांगितलं, उद्या समिती दालनांची यादी करून दारांना लाखेचे शिक्के मारणार. आत कुणी असेल तर बाहेर ओढतील. ओढतील तेव्हा याचं काय होईल, ते मला ठाऊक आहे. तो तसाही अर्धाच उरलाय.

अकरा वाजता मी ईस्टरचा पोशाख घातला. दार वाजवलं, दहा मोजले, आत गेले. थंडी होती, शेगडी पाच दिवस बंद. बिछान्यासमोर उभी राहून कमरेतून वाकले. काय बोलायचं ते घोकलं होतं, सगळं विसरले.

म्हटलं, “राणीसाहेब, मी निकानोरची बायको. एकोणीस वर्षं तुमच्या ताटातलं खाल्लं, तुमच्या मेणबत्त्यांवर शिवण केलं. कधी आभार मानले नाहीत. तुम्हाला एकटं वाटत असेल, मला कळतं. पण मला हा एकच आहे. त्याला जाऊ द्या.”

थांबले. काही झालं नाही. उशीला खळगा होता. तो आधीपासून होता की आत्ता पडला, मी सांगू शकत नाही. पुन्हा दहा मोजले.

मग मी पुढे झाले आणि दोरी ओढली. एकदा. पुन्हा एकदा. दोरीतून धूळ पडली. खाली आमच्या घरात घंटा वाजली ती जमिनीतून ऐकू आली. हे माझं दुसरं खोटं. याचं मला दुःख नाही, हेही लिहून ठेवते.

कपड्यांच्या खोलीचं दार उघडलं. इग्नाती बाहेर आला. त्यानं बिछान्याकडे तोंड करून मान लववली आणि पाठ न दाखवता, एक पाऊल टाकत, एक घासत, दारापर्यंत मागे मागे गेला. बाहेर आल्यावर माझ्या खांद्याला धरलं.

“दोनदा वाजली,” तो म्हणाला.

“ऐकली,” मी म्हटलं.

खाली आणून त्याला स्टोव्हजवळ बसवलं. मशरूमचं सूप होतं, उपासाचं. तिघांना वाढलं. यांनी प्रार्थना म्हटली. इग्नाती चमचा मुठीत धरून वाडग्यातल्या वाफेकडे बघत बसला होता. मी पाव कापता कापता, मुद्दाम त्याच्याकडे न बघता म्हटलं, “इग्नाशा, मीठ पुरेसं आहे का बघ.”

त्यानं चमचा तोंडात घातला. “कमी आहे,” म्हणाला.

मी मिठाचं भांडं उचललं आणि डोक्यावर घंटा वाजली. एकदाच.

निकानोर सावविच उठून उभे राहिले, सदऱ्याची गुंडी लावायला लागले. जुनी सवय ती, त्यांना कळलंही नसेल. मी त्यांची बाही धरली.

“बसा,” म्हटलं. “सूप निवतंय.”

ते बसले. घंटा पुन्हा वाजली असेल, नसेल. मी इग्नातीला आणखी वाढत होते.